प्रकल्प नोंदी: आक्कासाहेबांची वही

4 जून
फाउंड्रीच्या लॅबमध्ये एक अर्धं कोरं रजिस्टर कधीपासनं धूळ खात पडलेलं, साहेबांना विचारून घरी आणलं. आजपासनं यात लिहायचं. नाहीतर मागच्या दोन वेळेसारखं होणार, डोक्यात सगळं आणि कागदावर शून्य.

प्रकल्प असा. सांजगड नावाचं एक संस्थान, जगाच्या कुठल्याच नकाशात नसलेलं. तिथं झेपाळ नावाचा प्राणी. सरड्याच्या जातीतला, उडतो, आग ओकतो असं सगळे म्हणतात. आणि तिथल्या सरदार घराण्यातली एक बाई, आक्कासाहेब, जी आयुष्यभर या झेपाळांचा अभ्यास करते. कादंबरी नाही, तिची वहीच छापायची, म्हणजे तिनं काढलेली चित्रं, मोजमापं, शिव्या, हिशोब, सगळं तिच्या हातचं वाटेल असं. 64 पानं. चित्रं दादा काढणार (चुलत भाऊ, साइनबोर्ड रंगवायचा, आता फ्लेक्समुळं ते काम गेलं, पण हात अजून तसाच आहे).

9 जून
दादानं पहिलं चित्र पाठवलं. भारी काढलंय यात वाद नाही, पण झेपाळ ट्रकएवढा, चार पाय, वर दोन पंख, तोंडातनं जाळ. म्हटलं दादा, चार आणि दोन सहा झाले की. पाठीचा कणा असलेला एक प्राणी दाखव ज्याला सहा हातपाय आहेत. पक्ष्यानं पुढच्या पायांचेच पंख केले, वटवाघळानं पण तेच. तो म्हणाला, तुझं जग खोटं आहे ना, मग पाय मोजत कशाला बसलीयस.

बरोबर आहे त्याचं. पण आक्कासाहेब मोजणार ना. जगात काहीही चालत असेल तर मग ती बाई अभ्यास कशाचा करणार? खोट्या जगाला नियम जास्त कडक लागतात, असं माझं तरी मत झालंय.

14 जून
सहा पायांचा इषय सुटला. उडणारा सरडा खरोखरच आहे, आपल्याच पश्चिम घाटात, ड्रॅको म्हणतात. त्याचे पंख हातांचे नाहीतच, बरगड्या लांब झाल्यात आणि त्यांच्यावर कातडी ताणलीय, छत्रीच्या काड्यांसारखी. उघडल्या की पंख, मिटल्या की साधा सरडा, आणि चारही पाय रिकामे. दादाला व्हिडिओ पाठवला, त्याचं एकच उत्तर, "नाद खुळा".

आता साइज. ड्रॅको शेपटीसकट साधारण 20 सेंटीमीटर. त्याला 150 सेंटीमीटरचा केला तर साडेसातपट लांबी, पंखाचं क्षेत्रफळ 56 पट, पण वजन 422 पट. म्हणजे पंखाच्या तेवढ्याच तुकड्यावर साडेसातपट ओझं. तो उडणार नाही, पडणार. आण्णांना (वडील, फाउंड्रीत पॅटर्नमेकर, म्हणजे ओतकामाचे नमुने करणारे, म्हणून रिटायर झालेत) दाखवलं तर ते म्हणाले यात नवीन काय, मोठ्या कास्टिंगला (ओतीव भागाला) फक्त साइज वाढवून पॅटर्न करत नाहीत, जाडी, रायझर (जादा लोखंडाचा साठा), सगळं परत बघावं लागतं. हे वाक्य आक्कासाहेबांच्या तोंडी कसं घालायचं ते बघतो.

ठरलं, झेपाळ 60 सेंटीमीटर. लांबी तिप्पट, पंख नऊपट, वजन 27 पट, ओझं तिप्पट. उतरताना वेग जास्त लागेल, पावणेदोनपटीच्या आसपास, पण जमेल. दादा नाराज. त्याचा ट्रक गेला.

22 जून
दरबारी बायका आणि विज्ञान यावर वाचत बसलो, झोपायला दीड वाजला. इंग्लंडात मार्गारेट कॅव्हेंडिश म्हणून डचेस होती, तिनं 1666 मध्ये स्वतःच एक काल्पनिक जग लिहून काढलं आणि पुढच्याच वर्षी, 1667 ला, रॉयल सोसायटीत प्रयोग बघायला गेली. बघायला. सदस्य म्हणून नाही. त्या सोसायटीनं बायकांना सदस्य केलं 1945 साली. 278 वर्षं झाली हो मध्ये.

दुसरी मारिया सिबिला मेरियन, ही काही सरदारघरची नाही, चित्रकार. 1699 ला, वयाच्या 52 व्या वर्षी, धाकट्या मुलीला घेऊन सुरीनामला गेली, दक्षिण अमेरिकेत, कुणी पाठवलं नव्हतं, स्वतःची चित्रं विकून पैसे उभे केले. किडे बघायला. अळी, कोष, फुलपाखरू आणि ते ज्या झाडावर जगतं ते झाड, सगळं एकाच चित्रात. दादाला म्हटलं आपली पानं अशी पायजेत, नुसता झेपाळ नको, तो ज्या खोडावर बसतो ते खोड, ज्या मुंग्या खातो त्या मुंग्या.

मेरियनचं अजून एक डोक्यातनं जात नाही. शंकासुराचं झाड, आपल्या दारात लाल-पिवळी फुलं येतात तेच, तिनं सुरीनामला बघितलं आणि लिहून ठेवलं की इथल्या गुलाम बायका याच्या बिया गर्भ पाडायला वापरतात, आपली पोरं गुलाम होऊन जन्मू नयेत म्हणून, आणि हे त्यांनी स्वतः मला सांगितलं. सांगितलं हे लिहिलं, हेच त्या काळात मोठं. पण सांगणारीचं नाव नाही.

30 जून
कोल्हापुरात राहून मी इंग्लंड-हॉलंड काय बघतोय. आज आईनंच आठवण केली. इंदुमती राणीसाहेब. शाहू महाराजांच्या धाकट्या सूनबाई. जन्म 1906, लग्न 1917, आणि 1918 ला नवरा, प्रिन्स शिवाजी, डुकराच्या शिकारीत अपघात होऊन गेला. म्हणजे वय अकरा-बारा. महाराजांनी विरोध पत्करून त्यांना सोनतळीला ठेवून शिकवलं, डॉक्टर करायची इच्छा होती त्यांची. 1922 ला महाराज गेले. राणीसाहेब 1925 ला मॅट्रिक झाल्या. डॉक्टर झाल्या नाहीत.

सोनतळीवरनं शेकडो वेळा गेलो असेन, वडापमध्ये बसून, मोबाइल बघत.

आक्कासाहेब म्हणजे इंदुमती राणीसाहेब नव्हेत, तसं करणार नाही, खऱ्या माणसाला पंख लावायचा हक्क मला नाही. पण एक घेतो. आक्कासाहेबांच्या सासऱ्यांनी शिकवायला सुरुवात केली आणि मध्येच ते गेले. पुढची परवानगी द्यायलाच कुणी उरलं नाही, आणि अडवायला मात्र सगळे. वही तिथनं सुरू होते. पान 1.

13 जुलै
पुण्याच्या मैत्रिणीला पहिली 12 पानं पाठवलेली, तिनं लाल करून परत पाठवली. "मी कडा चढलो", "मी रात्रभर बसलो", "मी मोजला", जिथं जिथं आहे तिथं गोल. खाली लिहिलंय, बाई आहे की बाप्या ते आधी ठरव.

आता काय सांगायचं हिला. मीही बाईच आहे आणि हे रजिस्टर सगळं आलो-गेलो मध्येच लिहिलंय. आमच्याकडं आई पण "मी बाजारात जाऊन येतो" म्हणते, आज्जी म्हणायची, शेजारच्या काकू म्हणतात, कुणाला त्यात काही वाटत नाही. शाळेत बाईंनी निबंधात कापून "गेले" करायला लावलं, तेव्हा कळलं की आपण घरात बोलतो ते कागदावर चालत नाही. ऑफिसच्या मेलमध्ये "केले आहे", घरी "केलोय". दोन जिभा.

मैत्रिणीशी फोनवर तासभर भांडण. ती म्हणते वाचक गोंधळणार. गोंधळू देत की.

पण भांडणातनं एक चांगलं निघालं. आक्कासाहेबांच्या पण दोन जिभा. वहीत "मी चढलो". आणि दरबाराला जो अहवाल जातो त्यात कारकून लिहून घेतो, "कडा चढण्यात आला. निरीक्षण करण्यात आले." कुणी केलं ते गायब. बाई पण गायब, बाप्या पण गायब. आमच्या ऑडिट रिपोर्टसारखं. समोरासमोर दोन पानं छापायची, डावीकडं वही, उजवीकडं अहवाल. दादाला सांगितलं, तो म्हणाला आता ट्रकचं दुःख राहिलं नाही.

25 जुलै
आठ दिवस काही नाही. पाऊस. राजाराम बंधाऱ्यावर पाणी 39 फुटाच्या वर गेलं, 43 ला धोका, आणि आपल्याकडं त्या दिवसांत माणूस दुसरं काही बोलत नाही, "किती झालं?" एवढंच. शिरोलीची फाउंड्री अर्ध्या माणसांवर. आमच्या गल्लीत पाणी येत नाही पण मावशीकडचं सामान वर न्यायला गेलो. तांदळाची पोती, टीव्ही, आणि एक जुनी शिलाई मशीन जी तिघांनी पण हलंना.

रात्री लाइट नव्हती तेव्हा मेणबत्तीवर एक पान झालं. सांजगडचा पूर. आक्कासाहेब पुलाच्या खांबावर खुणा करून ठेवतात, झेपाळ पाणी कुठल्या खुणेला आल्यावर वरच्या झाडांवर जातात ते बघायला. हे फुकटात मिळालं.

8 ऑगस्ट
आगीचा प्रश्न. आमच्याकडं लोखंड ओततात ते 1400 डिग्रीच्या आसपास, त्यासाठी भट्टीला काय लायनिंग लागतं ते रोज बघतो, तर मांसाचा घसा जाळ ओकणार आणि संध्याकाळी मुंग्या खाणार, हे मला तरी लिहवत नाही.

खऱ्या जगात जवळात जवळचं म्हणजे बॉम्बार्डियर भुंगेरा. पोटात एका पिशवीत दोन रसायनं, त्यातलं एक हायड्रोजन पेरॉक्साइड, शत्रू आला की ती एका जाड भिंतीच्या खोलीत जातात, तिथं क्रिया झपाट्यानं घडवणारे पदार्थ असतात, उकळतात आणि मागनं फवारा, जवळजवळ 100 डिग्रीचा. जाळ नाही, पण चटका आणि वास असा की बेडूक पण गिळलेला भुंगेरा ओकून टाकतो. झेपाळाला हेच द्यायचं, फक्त पुढनं.

मग आक्कासाहेब हे सिद्ध कसं करणार? थर्मामीटर सांजगडात नाही. आमच्याकडं वितळलेल्या लोखंडात तापमान मोजायची टीप बुडवली की आकडा येतो, तिच्याकडं काय? दोन दिवस अडकलो. शेवटी जेवताना आण्णाच म्हणाले, पूर्वी आम्ही रंगावरनं ओळखायचो, आणि कमी तापमान असेल तर काय वितळतंय ते बघायचं.

झालं! मधमाशीचं मेण 63 च्या आसपास वितळतं. गंधक 115 ला. कथील 232. शिसं 327. आक्कासाहेब चौघांचे गोळे लाकडी पट्टीवर ओळीनं लावतात, काठीला बांधून चिडलेल्या झेपाळासमोर धरतात. मेण गेलं, गंधक तसंच. म्हणजे फवारा 63 च्या वर आणि 115 च्या खाली. न वितळलेल्या गंधकानं सांजगडची सगळी दंतकथा मोडली.

10 ऑगस्ट
करून बघितलं. उकळत्या पाण्यावर दोन वाट्या तरंगत ठेवल्या, एकीत मेण, एकीत गंधकाचा खडा. मेणाचं पाणी झालं, गंधक ढिम्म. लई भारी वाटलं. मग शहाणपणा केला, गंधक गॅसवर डायरेक्ट किती वेळात वितळतं ते बघायला गेलो आणि जरा जास्त तापलं. आईचं वाक्य वहीत जसंच्या तसं घेणार आहे: "तुझ्या त्या आक्कासाहेबांना म्हणावं स्वतःच्या घरात जाऊन कर." वाटी फेकून दिली. खिडक्या दोन तास उघड्या, श्रावणात.

कथेत याचा परिणाम मोठा आहे. सांजगडच्या सरदारांची सगळी मर्दुमकी आग ओकणाऱ्या झेपाळाची शिकार केली यावर उभी. आणि ही बाई सांगतेय की तो वरणाच्या आधणापेक्षा जास्त तापत नाही. अहवाल दाबणार, नाहीतर काय करणार.

31 ऑगस्ट
शिरसीला लग्न होतं, आत्तीच्या सासरकडचं. लग्न कमी आणि सुपारीची बाग जास्त बघितली. सकाळी सातपासनं मान वर करून बसलो. तीन तासांत ड्रॅको दोनदा उडाला. दोनदा! आणि एकदा तर मी चहा घेत होतो. बाकीचा वेळ तो खोडाला असा चिकटलेला की सालच वाटते, मग मध्येच गळ्याखालचं पिवळं पातं बाहेर काढणार, आत घेणार. मुंग्यांच्या ओळीजवळ बसून एक एक टिपत होता, आपण फुटाणे खातो तसं.

वहीत माझी आक्कासाहेब दर पानावर काहीतरी शोधत होती. बदलणार. अकरा पानं अशी करायची ज्यात "आज उडाला नाही" एवढंच. दादा म्हणाला अकरा पानं कोण वाचणार, मग चारवर तडजोड.

बागेतल्या आजोबांनी सांगितलं (कानडीत, आत्तीच्या दिरानं मराठी करून), पिवळ्या गळ्याचा तो नर, मादी कधीमधी खाली उतरते, ती अंडी मातीत पुरायला. त्यांनी हे कुठं वाचलेलं नाही, पन्नास वर्षं त्याच बागेत आहेत. मी त्यांचं नावच विचारलं नाही. परत येताना बेळगावच्या पुढं लक्षात आलं. मेरियनवर काय तोंडानं बोलत होतो.

18 सप्टेंबर
गणपतीत काही झालं नाही, अपेक्षा पण नव्हती.

27 सप्टेंबर
वहीचं मधलं पान सापडलं. पान 38.

आक्कासाहेबांनी झेपाळाच्या दोन जाती नोंदवल्यात. एक पिवळ्या गळ्याची, एक निळसर राखाडी. सहा वर्षांचं काम, चित्रं, मोजमापं, दरबाराला अहवाल पण गेलेला. आणि सामान वाहणारी धनगराची धोंडाक्का, जी पहिल्या पानापासनं त्यांच्याबरोबर चढतीय, चूल पेटवतीय, आणि जिचा अहवालात उल्लेख "एक मजूर", ती एक दिवस चित्रं बघते आणि हसायला लागते. "अवं आक्कासाब, दोन जाती कुठल्या, नवरा-बायको हाईत ती."

सहा वर्षं. आणि विचारलं असतं तर पहिल्याच दिवशी कळलं असतं.

लिहिताना वाटलेलं इथं आक्कासाहेब रडणार वगैरे. नाही रडल्या. दोन दिवस धोंडाक्काशी बोलल्याच नाहीत, चूक दाखवणाऱ्यावर आपण चिडतो तसंच. सरदारघरची बाई आहे शेवटी, तो माज कुठं जाणार, मला तो ठेवायचाच आहे. तिसऱ्या दिवशी वही उघडली.

28 सप्टेंबर
दादाशी वाजलं. त्यानं पान 38 नवीन, स्वच्छ काढून आणलं, दुरुस्त केलेलं, अक्षर मोत्यासारखं. म्हटलं हे नको, चूक दिसली पाहिजे. तो म्हणाला तीस वर्षं बोर्ड रंगवतोय, खाडाखोड करून दिली तर गिऱ्हाइकानं पैसे दिले असते का?

त्याला लॅबचं रजिस्टर दाखवलं. आमच्यात व्हाइटनर चालत नाही. आकडा चुकला तर एक आडवी रेघ, खालचा आकडा वाचता आला पाहिजे, बाजूला बरोबर आकडा, सही, तारीख. नवीन पोरं पहिल्यांदा गिरगटून टाकतात, खाडाखोड लपवायला बघतात, मग ओरडा खातात. दादा बराच वेळ पानं चाळत बसला. माझ्याच चार सह्या सापडल्या त्याला, एक तर मॅंगनीजचा दशांश चुकवलेला. मग म्हणाला, रेघ कशानं मारू, पेनानं का ब्रशनं?

"दोन जाती" वर एक रेघ. बाजूला: "एकच. नर व मादी. धोंडाक्का म्हणाली." खाली सही आणि तारीख.

5 ऑक्टोबर
न्यू पॅलेसच्या म्युझियमला गेलो, दादाला भुसा भरलेली जनावरं बघायची होती, पोझसाठी. तो स्केच करत बसला, मी इकडंतिकडं. तिथं उभं राहून कळतं की शिकार करणाऱ्याचं नाव राहतं, मागनं हाकारा घालत जंगल तुडवणाऱ्यांचं कुठं असतं. पान 44 चं चित्र: सरदारांच्या दिवाणखान्यात भिंतीवर झेपाळ, तोंडात लाल कापडाचा जाळ शिवून बसवलेला. आक्कासाहेब खुर्चीवर चढून त्या कापडाची लांबी मोजतायत.

11 नोव्हेंबर
पानं 60 झाली. परवापासनं अंबाबाईचा किरणोत्सव चालू होता, आज तिसरा दिवस. मावळतीची किरणं पहिल्या दिवशी पायांवर, दुसऱ्या दिवशी छातीपर्यंत, तिसऱ्या दिवशी मुखावर यायला पाहिजेत. गर्दीत उभा राहिलेला प्रत्येक जण तज्ज्ञ. ढग आला, धूळ आहे, अमक्या इमारतीचा अडथळा, गेल्या वर्षी एवढ्या वाजता इथं होतं. शेजारच्या काकूंनी मागच्या किती वर्षांचं तोंडपाठ सांगितलं, कुठल्या साली गुडघ्यापर्यंतच आलं ते सुद्धा. यावेळी विचारलं नाव. त्या म्हणाल्या कशाला गं? म्हटलं, लिहून ठेवतो.

इथं नाही लिहिणार, त्यांना आवडायचं नाही. पण वहीत पान 61 ला सांजगडच्या देवळाच्या उंबऱ्यावर बसून ऊन मोजणारी एक बाई आली.

22 नोव्हेंबर
फाइल डीटीपीला दिली. 64 पानं. हुश्श.

26 नोव्हेंबर
प्रूफ आलं. चित्रं मस्त उठलीत, पान 38 ची रेघ पण नीट आलीय. दादा खुश.

डीटीपीवाल्यानं मात्र न सांगता सेवा केलीय. "मी चढलो" चं सगळीकडं "मी चढले" केलंय. 14 ठिकाणी, मोजले. "आक्कासाब" चं "आक्कासाहेब". आणि धोंडाक्काचं "नवरा-बायको हाईत ती", तिथं "ते पती-पत्नी आहेत". फोन केला तर म्हणाला, मॅडम, खूप चुका होत्या, पैसे नाही लावले त्याचे.

उद्या सुट्टी टाकलीय. जाऊन शेजारी बसतो आणि एक एक परत करून घेतो.